मूर्तिजापूरच्या तंबूतलं तुमचं नाटक

आणि आता त्या डब्यांचे पैसेही मीच भरायचे का, बाबा? जिवंत होतात तेव्हा घरात पायलीभर ज्वारी आणली नाही, आणि मरून अकरा वर्षं झाल्यावर मायचं पत्र येतं. शेजारच्या पोरीकडून लिहवून घेतलंय. मूर्तिजापूरचा तंबू टाकीजवाला तुमच्या सिनेमाच्या रिळांचे जुने डबे भंगारात काढतोय. त्याआधी कुणी पैसे भरले तर एक खेळ लावून देईन म्हणतो. माय लिहिते, "मले एकदा पाह्याचं आहे त्याईले." इथं भिलाईत भट्टीपुढं उभं राहून माझ्या भुवया जळाल्या. त्या पैशात तुमची गाणी ऐकायची?

मायनं तुम्हाला गाताना कधी पाहिलंच नाही. गावोगावच्या बाया रुपया मोजून तुम्हाला पाहायच्या, आणि ती नांदगावला लोकांच्या वावरात तण निंदत असायची. एकदा तिनं नाटकाला येऊ का म्हणून विचारलं, तर जेवता जेवता तुम्ही म्हणालात, "घरचं मानूस समोर बसलं का माहा सूर हालते." तिनं तव्यावरची भाकर जळू दिली.

मग सिनेमावाल्यांनी अमरावतीच्या थेटरात रंगमंचासमोर कॅमेरा लावून तुमची तीन संगीत नाटकं उतरवली. तो किस्सा तुम्हीच घरी फुशारकीनं सांगायचा. पहिलं पद संपलं आणि तुम्ही हात जोडून थांबलात, वन्स मोअरची वाट पाहत. समोर नुसत्या रिकाम्या खुर्च्या. कॅमेरावाला म्हणतो, "बुवा, पुढं चला." तुम्ही म्हणता, "कोनी मागतलं नाही अन् पुढं गेलो, तं त्या पदाचा अपमान आहे." शेवटी दिवे धरणाऱ्या दोघांनी ओरडून वन्स मोअर मागितला, आणि तुम्ही सगळं पद पुन्हा गायलात. पुढं प्रत्येक पदाला तेच. तिन्ही नाटकांत.

अकोल्याच्या तंबूत ते दाखवायला तुम्ही मला नेलंत. मी नऊ वर्षांचा. पडद्यावर तुम्ही थांबता, हात जोडता. तंबूत कुणी काही मागत नाही, तरी तुमचं पुन्हा सुरू. मागून एक जण ओरडतो, "अबे, हे तं आताच झालं ना!" दुसरा म्हणतो, "रीळ अटकलं का बुवा अटकला, पाह्य ना बापा!" सगळा तंबू हसतोय. मीही हसलो. तुम्ही तिथंच माझ्या कानाखाली वाजवलीत. "गळा तं नाहीच तुले, निदान कान तं असू दे!" त्यानंतर शाळेत मास्तरांनी कविता म्हणायला उभं केलं की माझं तोंडच उघडेना. चौथीत शाळा सुटली, आणि तुम्ही विचारलंसुद्धा नाही काहून सुटली ते.

पुढल्या वर्षी तुमच्या नाटक कंपनीनं अकोल्यात तेच नाटक लावलं, तर लोक म्हणाले, "दोन आन्यात तंबूत पाह्यलं, आता रुपया कायले?" कंपनी मोडली. तुम्ही खाटेवर पडलात, मायच्या मजुरीवर, आणि खोकत खोकत आल्यागेल्याला सिनेमांची नावं सांगत राहिलात. चहा तिनं करायचा, गोष्टी तुमच्या. मरेपर्यंत एकदाही तिला म्हणाला नाहीत, की बस, तुझ्यासाठी एक पद म्हणतो.

चार दिवस झाले, मायला नाही म्हणून कळवायला बसतो, आणि लिहून राहिलो तुम्हाला. एक गोष्ट आहे, ती मायला सांगणार नाही. तुमची थप्पड मला आठवते, तुमच्या हाताला येणारा तोंडाला लावायच्या रंगाचा वास आठवतो. आवाज आठवत नाही. भट्टीवर काम करताना खूप जोर लावून पाहिला, नाहीच आठवत. तीन दिवसांची सुटी टाकली आहे. तंबूवाल्याला आज मनिऑर्डर करतोय, साठ रुपये.