माकुलाचा कौल

॥ श्री एकवीरा प्रसन्न ॥
दिवाळे, ता. २ नोव्हेंबर १९५८

ती. रामूदादास धाकट्या मैनाचा शि. सा. न. वि. वि.

तुझ्या कॉलेजातल्या सरांसाठी तू परसातल्या हौदात ठेवून गेलास ते आठ हातांचं माकुल, तुमच्या पुस्तकातला ऑक्टोपस, खुशाल आहे. भरतीचं पाणी चरातून येतं, ते मजेत डुंबतं, आणि मी जाईन तिकडे त्याचा डोळा फिरतो. तू त्याचा अभ्यास करतोस की ते आमचा, कळत नाही.

आमचं मात्र बरं नाही. हौदाशेजारी ओल्या गोणपाटाखाली चिंबोऱ्यांची पाटी असते ना, त्यातल्या चिंबोऱ्या नाहीशा होतायत. नांग्या बांधलेल्या चिंबोऱ्या उठून कुठे जाणार? माझा संशय पहिल्यापासून गंगूवहिनीवर. मासळी विकायला पनवेलला तीच जाते, आणि तिचं माहेर करंजाडे तिथून जवळच. हल्ली ती माझ्याशी बोलताना नजरही चुकवते.

शेजारच्या शेवंताबाईंनी तोड काढली. देवीला कौल लावतो तसा माकुलालाच लावायचा. ते दिवसभर पाटीकडेच टक लावून असतं, त्याला चोर ठाऊक असणार. आईला पटलं. सकाळी आम्ही सगळे एकेक करून हौदाशी उभे राहिलो. आई, बाबा, थोरला दादा, मी, कुणालाच काही नाही. गंगूवहिनी पुढे झाली मात्र, त्याने तिच्या तोंडावर पाण्याची चिळकांडी मारली! वहिनी एक अक्षर बोलली नाही. खऱ्या माणसाने गप्प का राहावं, सांग. दुपारी तिची माहेरी रवानगी झाली. थोरल्या दादाची बायको ती, पण तोही खाली बघत उभा राहिला. आई म्हणते, परत आणायची नाय.

माया आहेच, ती पातळ होऊ देऊ नकोस.
तुझी मैना

मुंबई, ता. ६ नोव्हेंबर १९५८

चि. मैनास अनेक आशीर्वाद.

पत्र वाचून माझ्या अंगाचा तिळपापड झाला. तू सातवी पास, आणि माकुलाला कौल लावतेस?

ते जनावर हुशार आहे, हे खरं. माणसं ओळखतं, ज्याचा त्रास होतो त्याच्यावर नेमकं पाणी मारतं. पण त्रास कसला, हे तुम्ही त्याला कुठे विचारलंत? माझा संशय खुद्द त्याच्यावरच आहे. अंगात हाड नाही, त्यामुळे बोटभर फटीतूनही निसटतं आणि ओल्या जमिनीवरून खुशाल सरपटत जातं. चिंबोरी तर त्याचा जीव की प्राण. तुम्ही दुपारी आडवे झालात की त्याला रान मोकळं. खाल्लेल्याची कवचं ते आपल्या बिळाच्या तोंडाशी टाकतं. हौदातल्या मोठ्या दगडामागे बघ आणि ताबडतोब कळव. मी वहिनींनाही पत्र टाकतोय.

आईबाबांना नमस्कार. तुझ्यावर रागावलोय, पण पत्राची वाट बघतोय.
रामचंद्र

दिवाळे, ता. ९ नोव्हेंबर १९५८

ती. रामूदादास शि. सा. न. वि. वि.

तुझ्या सांगण्यावरून दगडामागे हात घातला. माकुलाने मनगटाला विळखा घातला, मी किंचाळले, आई हसली. कवच एकही नाही. कोपरा घासल्यासारखा स्वच्छ.

आणखी ऐक. वहिनी गेली त्याच दिवशी आईने पाटी उचलून स्वयंपाकघरात ठेवली. तेव्हापासून एकही चिंबोरी कमी झालेली नाही. चोर गेला, चोरी थांबली. तुझं शिक्षण तुझ्यापाशी ठेव.

थोरला दादा ताटावरून अर्धपोटी उठतो. आईने काडीमोडाची भाषा सुरू केलीय. शिरवण्याची एक मुलगी बघायला बाबा महिनाअखेरीस जाणार. मला हे आवडलेलं नाही, तुला म्हणून सांगते. पण चोरी ती चोरी.

जीव लावतोस तसाच लावत राहा.
मैना

करंजाडे, ता. १३ नोव्हेंबर १९५८

रा. रा. रामभाऊजींस गंगूचा नमस्कार वि. वि.

तुमचं पत्र मिळालं. मी तिसरीपर्यंतच शिकले, अक्षर सांभाळून घ्या.

कवचं होती. रोज असायची. हौद घासायचं काम माझं. काथ्याने दगड घासायचे, कवचं वेचायची आणि मागच्या उकिरड्यावर टाकायची. म्हणून ते माझ्यावर चिडायचं. त्याचं घर मी रोज विस्कटत होते, त्याने पाणी मारलं तर चुकलं कुठे?

मी गप्प का राहिले, विचारता. खरं लिहिते. मला वाटायचं, आत्याबाईच लपूनछपून त्याला चिंबोऱ्या घालतात. धाकट्या लेकाचं जनावर, उपाशी मरेल तर लेक काय म्हणेल, असं त्यांना वाटत असेल. मग कौलाची गोष्ट निघाली, त्या काही बोलेनात, तेव्हा तर माझी खात्रीच पटली. सासूला चारचौघांत चोर कसं म्हणू? मैनाताईंच्या डोळ्याला डोळा देत नव्हते तेही त्यामुळेच. त्यांच्या आईवर माझा संशय होता.

तुम्ही लिहिता, ते जनावर माणूस ओळखतं. ओळखलंच त्याने मला. तीन वर्षं तुमच्या घरात राबले, भाऊजी, घराने नाही ओळखलं. फार लागलंय मनाला.

तब्येतीला जपा. तुमची आठवण इथे निघते.
गंगू

दिवाळे, ता. १९ नोव्हेंबर १९५८

ती. रामूदादास शि. सा. न. वि. वि.

वहिनीचं पत्र तू पाठवलंस, ते मी सगळ्यांना वाचून दाखवलं. आई म्हणाली, मी कशाला त्याला चिंबोऱ्या घालीन, माझा काय डोका फिरलाय? मग उकिरडा उकरला, तर कवचंच कवचं. तरी तिचं समाधान होईना. पाटी पुन्हा हौदाशेजारी ठेवली आणि दुपारी आम्ही दाराआडून बघत बसलो. आधी एक हात काठावर आला, मग दुसरा, मग सगळं अंग पाण्यासारखं बाहेर ओघळलं. गोणपाट उचललं, चिंबोरी काढली आणि गेलं की रे परत! शेवंताबाई कुणाला न सांगता घरी निघून गेल्या.

थोरला दादा त्याच पावली करंजाड्याला गेला. तो अजून आलेला नाही. सासऱ्याची जाळी विणत ओट्यावर बसतो, वहिनी त्याला जेवायला वाढते आणि आत जाते. काल त्याने निरोप धाडला. वहिनी यायला तयार आहे, तिचं म्हणणं एवढंच, की पुढे घरात काहीही हरवलं तर पहिल्यांदा तिला विचारायचं, आणि ती सांगेल ते खरं मानायचं. हे आईने स्वतःच्या तोंडाने सांगायचं.

आई सकाळभर चुलीपुढे बसून होती. सून अशी अट घालते म्हणून चिडली, मग रडली. बाबांनी शिरवण्याचं जाणं रद्द केल्याचं सांगितलं, तरी तिथून हलली नाही. जेवणं झाल्यावर उठली, धुवट लुगडं नेसली आणि मला म्हणाली, चल, वाटेत मला धीर देत राहा, नाहीतर मी मागे फिरेन.

आम्ही आता निघतो. मलाही वहिनीला काही सांगायचंय, आणि ते कसं सांगायचं ते अजून सुचलेलं नाही. तू माझ्यावर रागाव हवं तर, पण लिहीत राहा.
मैना