कंधारचा गोऱ्हा

९ फेब्रुवारी, नांदेड
निवृत्तीला एकोणीस दिवस. सौ.नं रिकामी खोकी मागवलीसुद्धा. अकरावी बदली, म्हणते. ही बदली नव्हे हे तिला सांगून उपयोग नाही. लातूरचं घर रंगवून तयार आहे.
हातात मोठं काम एकच, उमरीचा खून. दिरानं विधवा भावजयीला घरात शिरून मारलं असा आरोप. पाहणारा एकटा, शेजारचा म्हातारा. त्याची साक्ष उद्या. महिनाअखेर निकाल माझ्या सहीनं जावा, शेवटचं निकालपत्र देखणं व्हावं, एवढीच इच्छा. हावरेपणाच आहे हा.

१० फेब्रुवारी
साक्ष झाली. अर्धीच.
सरकारी वकिलांचा सरतपास चांगला गेला. म्हातारा ग्यानोबा, सत्तरीचा, बोलतो मोजकं. दीर कुऱ्हाड घेऊन बाहेर पडताना पाहिला, हे त्यानं जराही न अडखळता सांगितलं. मग आरोपीचे वकील उठले. "तुम्हाला पूर्वी चोरीत शिक्षा झाली होती, खरं का?" फार जुनी बाब म्हणून प्रश्न नाकारता आला असता. नाकारला नाही.
म्हातारा कठड्याला धरून म्हणाला, "हाव, झालती. कंधारच्या कोर्टात. गोऱ्हा चोरला म्हनून. ह्याच सायबानं देलती."
कोर्टात हशा. मी मान वर केली नाही.
साक्षीदार बोलतो त्याच्या बोलीत, आणि आम्ही ते वाक्य इस्त्री करून स्टेनोला सांगतो. सांगितलं: 'मला कंधार न्यायालयात चोरीबद्दल शिक्षा झाली हे खरे आहे.' ह्याच सायबानं, हे सोडलं. तो पुढं म्हणाला, "पन जनावर माझंच व्हतं, सायब." तेही सोडलं. विचारलेल्या प्रश्नाचा भाग नव्हता.
वेळ संपली म्हणून पुढची तारीख दिली. चार वाजले होते. वेळ कसली संपतेय.

११ फेब्रुवारी
त्याचा चेहरा आठवत नव्हता. गोऱ्हा लख्ख आठवतो. कंधार, माझी पहिलीच नेमणूक, दुसरं वर्ष. मुद्देमाल म्हणून गोऱ्हा कोर्टाच्या आवारात बांधलेला, अंगभर काळे ठिपके.
ट्रंकेतून त्या निकालाची प्रत काढली. जपून ठेवली होती, कारण तिचा अभिमान. फिर्यादी म्हणे गोऱ्हा माझा, त्याची सगळी जनावरं ठिपक्यांची. ग्यानोबा म्हणे माझ्या घरच्या गायीचा. पण पंचनाम्यात त्याची गाय पांढरीशुभ्र. पुरावा दोन्हीकडून लंगडा. मग मी परिच्छेद नऊ लिहिला: 'न्यायालयाने जनावर स्वतः पाहिले आहे. देवणी जातीच्या पांढऱ्या गायीस ठिपक्यांचे वासरू होत नाही.' तीन महिने सक्तमजुरी. गोऱ्हा फिर्यादीला.
असं कुणा साक्षीदारानं सांगितलं नव्हतं. मीच सांगितलं आणि मीच मानलं. पुराव्यात नाही ते न्यायाधीशानं आपल्या डोक्यातून आणायचं नाही, हे कायद्याच्या पहिल्या वर्षाच्या पोरालाही कळतं. नवीन न्यायाधीशांच्या प्रशिक्षणात मी हा नियम शिकवायचो आणि त्याच तासाला हा किस्साही सांगायचो. 'देवणीचा पोर आहे मी, मला गाई शिकवू नका!' सगळे हसायचे. इतक्या वर्षांत एकाही पोरानं हात वर केला नाही.
तरी मनात येतं, पद्धत चुकली असेल पण निष्कर्ष बरोबर असेल तर? देवणीला मोठ्या भावाला, अण्णाला विचारायला हवं.

१५ फेब्रुवारी, देवणी
महाशिवरात्र. उपवास. लिंगपूजा उरकून मोठ्या भावासोबत गोठ्यात गेलो. सहज विचारल्यासारखं विचारलं, "अण्णा, पांढऱ्या गायीला ठिपक्यांचं वासरू होतं का रे?"
"ह्ये बघ की," म्हणाला. पुढ्यात पांढरी गाय, तिला लुचणारं वासरू, ठिपकेच ठिपके. "पांढरीला ठिपक्याचं हुतंय, ठिपक्याचीला पांढरं हुतंय. एकाच घरात समदे निघतेत."
"मग आपल्या दारात कायम पांढरीच कशी?"
"अप्पाला दारात पांढरीच लागायची. ठिपक्याचं झालं की शेतातल्या आखाड्यावर न्यायचं, दूध तुटलं की इकायचं. तू पाचवीपासून लातूरच्या होस्टेलात. तुला कुठलं दिसायलंय?"
म्हणजे मी वडिलांच्या हौसेला शास्त्र समजलो.
अण्णा थांबला नाही. निकालाच्या दिवशी अप्पा कंधारला आले होते, मुलगा खुर्चीवर बसलेला पाहायला. मागच्या बाकावर बसले होते, स्वच्छ पटका बांधून. "यष्टीतून उतरले अन् मला म्हनाले, मल्लू चुकला."
"मग मला का नाही सांगितलं?"
"म्हनाले, भरल्या कोर्टात लेकाला कसं खाली बघाय लावू. त्यानं इचारलं तर सांग. तू कवा इचारलास? तू सांगायचास, आमी ऐकायचो."
अप्पा लिंगैक्य होऊन चौदा वर्षं झाली. आज त्यांच्याशी भांडावंसं वाटलं.

१७ फेब्रुवारी, नांदेड
उमरीची साक्ष पुन्हा वाचली. सरतपासातलं तिसरं वाक्य: 'मी बत्तीस वर्षांपासून सासुरवाडीच्या गावी राहतो.' आकडा मीच स्टेनोला सांगितला होता. कंधारच्या निकालाला किती वर्षं झाली, एवढी साधी वजाबाकी तेव्हा सुचली नाही. तीही बत्तीसच. शिक्षा भोगून आला आणि गाव सोडलं त्यानं.
निकाल कसा लिहू? त्याच्यावर विश्वास ठेवला, तर तो चोर नव्हता हे मला घरून कळलंय म्हणून. पुन्हा डोक्यातूनच. विश्वास ठेवला नाही, तर कागदावर तो चोर आहे म्हणून, आणि तो कागद माझा. खटला सोडायला हवा.
उमरीला जाऊन त्याचे पाय धरावेत असं वाटतं. तेही करता येत नाही. चालू खटल्यातला साक्षीदार आहे. त्याच्या कानाशी मी एक शब्द बोललो तरी त्याची साक्ष नासली.

१८ फेब्रुवारी
प्रधान न्यायाधीशांकडं पत्र घेऊन गेलो. माझ्याहून वयानं दहा वर्षांनी लहान, भला माणूस. पत्र वाचून चहा मागवला. "साहेब, 'वैयक्तिक कारणास्तव' एवढंच लिहा ना. खटला काढून घेतो. दहा दिवस राहिलेत, कशाला अंगाला लावून घेता?"
पत्र परत घेऊन आलो. सौ.चंही तेच. "लिहा वैयक्तिक. कोणाचं काय बिघडतंय?" मी तिला ते तिसरं वाक्य वाचून दाखवलं. ती खोकं बांधत होती. बांधायची थांबली. मग म्हणाली, "त्याची बायको काय म्हणाली असेल हो."

१९ फेब्रुवारी
पूर्ण कारण लिहून दिलं. परिच्छेद नऊसकट. आता ते कागदावर राहील, दोन्ही वकील वाचतील.

२७ फेब्रुवारी
निरोप समारंभ. उद्या सुट्टी म्हणून आजच. शाल, श्रीफळ, गुरुत्वाकर्षणाइतका अटळ न्याय वगैरे भाषणं. शेवटी मागून कोणीतरी ओरडलं, "साहेब, एकदा गोऱ्ह्याचा किस्सा!"
उभा राहिलो. म्हणालो, "तो गोऱ्हा त्याचाच होता. मी चुकलो."
टाळ्या. किस्स्याचा हा नवा शेवट त्यांना फार आवडला.

१२ एप्रिल, लातूर
सकाळचं फिरणं, वर्तमानपत्र, भाजी. कोणी उठून उभं राहत नाही, बरं वाटतं. खोटं कशाला लिहू, दोन दिवस वाईट वाटलं.
सरकारी वकिलांचा फोन. खटला दुसऱ्या कोर्टाकडं गेलाय. माझं पत्र त्यांनी वाचलं. "येऊन सांगाल का? न्यायाधीशावर सक्ती करता येत नाही, ठाऊक आहे. पण नाही तर म्हाताऱ्याला चोर ठरवूनच आरोपी सुटेल." माझ्या साक्षीला कायद्यात कितपत जागा आहे, मलाच शंका. समोरचे वकील हरकत घेणार. नवे न्यायाधीश ऐकून घेणारही नाहीत कदाचित.
दोन दिवस मागून घेतले.

१३ एप्रिल
अण्णाला कळवलं. फोनवर भडकलाच. "आता कशाला उकरून काढायलास? तुला कसं कळलं इचारतील. मग अप्पाचं नाव निघंल. बापाला माहीत व्हतं अन् गप बसला म्हनतील."
खरंय. म्हणतील. अप्पांचं तोंड आठवलं, मागच्या बाकावरचं. त्या दिवशी ते माझ्याकडं टक लावून बघत होते. मी ते कौतुक समजलो.

१४ एप्रिल
वकिलांना हो सांगितलं. अण्णा फोन घेत नाही.

२२ जून, नांदेड
११.४०. कोर्टाबाहेरच्या बाकावर बसून लिहितोय. हात रिकामे ठेवून बसवत नाही.
ग्यानोबा आधीच येऊन बसला होता. मला पाहून काठी टेकत उठायला लागला. "बसा, बसा," म्हणालो. त्यानं सरकून जागा केली.
"सायब, तुमी हितं भायेर?"
"साक्ष आहे."
"कुनाच्या बाजूनं?"
सांगायचं नसतं. म्हणालो, "विचारतील ते सांगायचं."
"हाव. म्या बी तेच ठरवलंय."
मग गुडघ्यांचं बोललो, पावसाचं बोललो. यष्टीत उभं राहून आला होता. बायको गेली, मागच्या पोळ्याला. "नीट गेली," म्हणाला.
पट्टेवाल्यानं पुकारा केला. त्याचं नाव. त्यानं टोपी सारखी केली, हातातली कापडी पिशवी माझ्याजवळ बाकावर ठेवली. "ध्यान असू द्या सायब, आलोच," म्हणाला आणि आत गेला. दार लागलं.
एकाची साक्ष चालू असताना दुसऱ्या साक्षीदारानं आत थांबायचं नसतं. तो प्रश्न त्याला आता पुन्हा विचारतील. तो काय म्हणेल ते मला ठाऊक आहे. त्यातलं काय लिहून घेतील, तेवढं मात्र ऐकायचं होतं. दारातून काही ऐकू येत नाही.
१२.०५. पिशवी मांडीवर घेऊन बसलोय.