बीरगांवच्या तळ्यातली हाक

३ ऑगस्ट
पोचले रायपूरला! तात्यापाऱ्यात माडीवरची खोली मिळाली. खाली भांड्यांची दुकानं, दिवसभर खणखणाट. घरमालक हरिदासकाका रेल्वेतून निवृत्त झालेले, चित्राकाकू माहेरच्या वर्ध्याच्या. मी अमरावतीची म्हटल्यावर काकूंनी सामान उघडूच दिलं नाही, आधी जेवायला बसवलं. बीरगांवजवळच्या तळ्यातल्या कमळपक्ष्यांवर फिल्म करायला आलेय, असं सांगितलं. तळ्याचं नाव निघताच काका ताटावरून उठले. त्यांचं पोट बिघडलं आहे, काकू म्हणाल्या.

६ ऑगस्ट
सकाळभर तळ्यावर. पानांवर कारखान्यांची काजळी, आणि तिच्यावरून हा पक्षी लांब बोटं पसरून अलगद चालतो. अंडी बापच उबवतो. सर आली तशी त्यानं ती पंखांखाली ओढून घेतली. असं दृश्य मला आजवर मिळालं नव्हतं.

७ ऑगस्ट
चित्रण लावलं. चित्र सुरेख, पण आवाजात पक्षी नाहीत. एक मुलगी हाक मारतेय: "आई, मले वर घे नं." काठावर तर कुणीच नव्हतं. काकू दारात उभ्या होत्या. त्या म्हणाल्या, "हे माही ऋता आहे व." त्यांची मुलगी गेल्या वर्षी कमळं तोडायला गेली आणि त्याच तळ्यात बुडाली. हे मला आज कळलं.

९ ऑगस्ट
काकू सारखं तेच ऐकतात. पुसून टाकते म्हटलं तर माझे पाय धरले. काकांना त्यात नुसतं पाणी ऐकू येतं. जिन्यात मला म्हणाले, "मले काहून नाही बोलत ते पोट्टी? मी बाप नाही काय तिचा?" 

११ ऑगस्ट
पुन्हा तळ्यावर गेले. पक्षी नाही. अंडी गार पडलेली. नवीन चित्रणात एवढंच: "आई, तूच ये." काकूंना ऐकवलं नाही. त्यांनी विचारलं, आज काय म्हणाली? काही नाही, म्हटलं. त्या हसल्या.

१२ ऑगस्ट
काकू भाजी आणायला म्हणून गेल्या. तळ्याकाठी चपला सापडल्या. दुपारी त्यांना बाहेर काढलं. हात पुढे केलेला, कुणाचं तरी बोट धरल्यासारखा. काकांनी तो पदराखाली झाकला.

१४ ऑगस्ट
कॅमेऱ्याचं कार्ड कात्रीनं कापलं. तरी न्हाणीत नळ सोडला की— मी सोडतच नाही. काका मात्र नळापाशी बसून आहेत. रडत नाहीत. "आता मलेही ऐकू येऊन राहिलं," म्हणाले. चेहऱ्यावर किती आनंद—

१६ ऑगस्ट
काका घरात नाहीत. दार उघडं. नळ वाहतोय. शेजारचे सुशीलभैया गाडी काढताहेत, मी काकांना फोन लावून बसलेय. वाजतोय— उचलला. पाणी. नुसतं पाणी. काका, बोला ना—

काका नाहीत. काकू बोलताहेत. अगदी जवळून. म्हणतात, आम्ही तिघं भेटलो, बेटा, आता तू—