स्वयंपाकाच्या परीक्षेची हकीकत

तीर्थस्वरूप अक्का,

धाकट्याचा दोन्ही हात जोडून नमस्कार. (लिहितोय एकाच हाताने, पण मनाने दोन्ही जोडले आहेत.) गुडघा कसा आहे? डाव्याचं विचारतोय. उजवा मागच्या पत्रात बरा होता, आणि एका पत्रात बरा झालेला अवयव पुढच्या पत्रात पुन्हा उकरून काढू नये, असं तूच मला खडसावलं होतंस. तुझी झोप, तुझा चष्मा, सूनबाईंचा स्वभाव, सगळं जागच्या जागी असेल अशी आशा करतो. मी बरा आहे. म्हणजे शरीराने बरा आहे. मनाचं म्हणशील, तर काल सकाळी दहापासून दुपारी दोनपर्यंत मी जेवढा घाबरलो, तेवढा सहामाहीच्या गणिताच्या पेपरलासुद्धा घाबरलो नव्हतो. तेव्हा निदान फाटकापर्यंत तुझं बोट तरी धरायला होतं.

आधी पार्श्वभूमी सांगतो, म्हणजे तुला माझी कीव नीट करता येईल. लेक आणि जावईबापू मला या बारा दिवसांच्या प्रवासाला घेऊन आले, ते मला वाटलं होतं तसं हवापालटासाठी नव्हे. निघायच्या दिवशी बॅगेची चेन लावता लावता लेक म्हणाली, "बाबा, आईला जाऊन दीड वर्ष झालं. तुम्ही एकटे राहू शकता का नाही, ते मला या बारा दिवसांत बघायचंय. नाही जमत असं वाटलं, तर परत गेल्यावर सामान बांधायचं आणि आमच्याकडे यायचं." एवढं बोलून तिने चेन शेवटपर्यंत ओढली. तो आवाज अजून माझ्या कानात आहे. तिचं घर वाईट नाही, अक्का. उजेड आहे, वारा आहे, नववा मजला आहे. पण मला द्यायची ठरलेली खोली म्हणजे जावईबापूंचं धावायचं यंत्र जिथे उभं असतं ती. त्या यंत्राशेजारी झोपून मी म्हातारा होणार, आणि इकडे माझ्या घरात बायकोच्या हाताची अक्षरं लावलेले डबे कुलपात राहणार. मला ते नको होतं. एवढंच.

आता तुला एक कबुली देतो, ती अजून कुणाला सांगू नकोस (आता लेकीला माहीत आहे, म्हणजे सांगण्यासारखं कुणी उरलंही नाही). दीड वर्ष रोज संध्याकाळी सात वाजता लेकीचा फोन येतो आणि ती विचारते, "आज काय केलंत?" आणि मी सांगतो. वाटाण्याची उसळ, मऊ पोळ्या, वर चुरचुरीत फोडणी. सांगताना माझा आवाज असा लागतो, की ऐकणाऱ्याला वाफ दिसावी. प्रत्यक्षात, अक्का, माझ्यासमोर दूध आणि बिस्किटं असतात. मला स्वयंपाक येत नाही असं नाही. लेकीच्या आईने शेवटच्या दिवसांत मला सगळं शिकवलं होतं. फक्त मला घड्याळाचं भान राहत नाही, हे तिला ठाऊक होतं, म्हणून तिने युक्ती काढून दिली. "तुम्हाला घड्याळ जमायचं नाही. तुम्ही कविता म्हणा. ती संपली की गॅस बंद करा." चहाला पहिलीतली चिमणीची, भाजीला चौथीतली होडीवाल्याची. चहा उत्तम होतो. पण होडीवाल्याची सहा कडवी आहेत, आणि तुला आठवत असेल, चौथ्या कडव्यात धुकं येतं आणि त्याला पलीकडचा काठ दिसेनासा होतो. तिथे पोचलो की मला आपला वर्ग दिसतो, गुरुजींच्या कोटाचा खिसा दिसतो, खिडकीतली ती पिवळी उन्हाची पट्टी दिसते, आणि मी ते कडवं पुन्हा म्हणतो. मग पुन्हा. तीन पातेली माळ्यावर आहेत. काळी.

तर काल सकाळी चहा घेताना लेक म्हणाली, "आज आपण स्वयंपाक शिकायला जायचं. इटालियन. सगळं आपल्या हाताने करायचं, आणि मधे मधे वाइन चाखायची." मी चहा अर्धाच ठेवला. लेखी परीक्षा असती तर मी डगमगलो नसतो, अक्का, पानं भरायला मी कधीच कमी पडलो नाही. ही प्रात्यक्षिक परीक्षा होती, आणि वर तोंडी.

एका मागच्या गल्लीत, सात पायऱ्या उतरून एक लांबट खोली होती. मधोमध दगडी टेबल, भिंतीवर खिळ्यांना आठ एप्रन, आणि एका लोखंडी पट्टीला चिकटलेल्या अकरा सुऱ्या, लहानपासून मोठीपर्यंत, कवायतीला उभ्या केल्यासारख्या. (मी मोजल्या. घाबरलो की मी मोजतो.) शिकवणाऱ्या आचारीणबाई रुंद बांध्याच्या, बाह्या कोपरापर्यंत दुमडलेल्या. मी मनातल्या मनात त्यांना हेडबाई म्हणायला लागलो. त्या सगळ्यांकडे बघून काहीतरी म्हणाल्या. लेकीने मला समजावून सांगितलं, "त्या म्हणतायत, घाबरू नका." तेव्हापासून मी खरा घाबरलो. आजवर जिथे जिथे मला घाबरू नका म्हटलं गेलं, तिथे पुढच्या मिनिटाला सुई तरी टोचली किंवा दात तरी गेला. आणि योगायोग बघ, माझ्या शेजारी उभे राहिलेले गृहस्थ निघाले दातांचे डॉक्टर.

पहिली वाइन कामाआधीच आली. हेडबाईंचे यजमान, अबोल माणूस, प्रत्येकापुढे पेल्यात बोटभर ओतून समोर उभे राहत आणि आपण चाखेपर्यंत हलत नसत. मी हात मागे बांधले. म्हटलं, हा चारित्र्याचा पेपर दिसतो. लेक बघणार, एकटा म्हातारा कशाच्या नादी लागेल. शेजारी जावईबापूंनीही हात मागे बांधले. आम्ही दोघं सासरे-जावई प्रार्थनेला उभे असल्यासारखे, आणि यजमान बाटली घेऊन आमच्यापुढे.

"बाबा, नको असेल तर राहू द्या," लेक म्हणाली.

"मग मीही राहू देतो," जावईबापू म्हणाले.

"तू का राहू देतोस? रोज संध्याकाळी हॉटेलच्या खाली जातोस तेव्हा बरं चालतं."

"मी पेपर वाचायला जातो."

"इथली भाषा तरी येते का तुला?"

जावईबापूंचे कान लाल झाले. तेव्हा कुठे माझ्या डोक्यात उजेड पडला. हा गरीब माणूस पाच दिवस माझ्यासमोर घ्यायची कशी म्हणून घाबरत होता, आणि मी त्याच्यासमोर घेतली तर काय होईल म्हणून. मी वडीलधारा. मी पेला उचलल्याशिवाय त्याचा हात सुटणार नव्हता. मी डोळे मिटले आणि आपल्या वडिलांची मनातल्या मनात माफी मागून एक घोट घेतला. लहानपणी मी शाईच्या दौतीचं बूच चाटलं होतं आणि तू माझी जीभ फडक्याने पुसली होतीस, आठवतं? तीच चव. शाई जरा गोड होती. मी पेला खाली ठेवायच्या आत जावईबापूंचा रिकामा झाला होता.

मग मैदा. ढीग करायचा, मधे खड्डा पाडायचा, खड्ड्यात अंडी फोडायची आणि काट्याने हळूहळू कडेचा मैदा आत ओढायचा. माझ्या खड्ड्याची एक भिंत मुळातच कच्ची होती. ती फुटली, आणि पिवळा ओघळ टेबलावरून डॉक्टरांच्या शर्टाच्या बाहीपर्यंत गेला. मी मैदा टाकून बांध घातला. मग ते कोरडं झालं, म्हणून अंडं घातलं. मग ते सैल झालं, म्हणून मैदा. लेक समोरून बघत होती, आणि रोज पोळ्या करतो म्हणून सांगणारा तिचा बाप उशीएवढा गोळा दोन्ही मुठींनी दामटत होता. तिने एकदाच विचारलं, "बाबा, घरी कणीक अशीच मळता?" मी म्हटलं, "घरी परात असते." हे उत्तर मला त्या वेळी फार चतुर वाटलं. (दुसरी वाइन येऊन गेली होती.)

लाटून, कापून पट्ट्या झाल्या. हेडबाईंनी सांगितलं, ताज्या पट्ट्या आहेत, उकळत्या पाण्यात तीन मिनिटं, त्याहून एक क्षण जास्त नाही. भिंतीवर घड्याळ होतं. मी त्याच्याकडे पाहिलंसुद्धा, पण सेकंदाचा काटा भराभर धावत होता आणि माझं मन त्याच्या मागे पळेना. मी पट्ट्या सोडल्या आणि सवयीने होडीवाला सुरू केला. तीन मिनिटं म्हणजे पाचव्या कडव्याचा शेवट, असा माझा हिशेब. पहिलं कडवं गेलं, दुसरं, तिसरं. चौथ्यात धुकं आलं. समोर खरीच वाफ होती, अक्का, टेबल दिसेना, सुऱ्या दिसेनात, माणसं नुसत्या आवाजाची उरली. मी थांबलो. पुढची ओळ येईना. पूर्वी मी तिथे आवडीने रेंगाळायचो, काल मला खरंच येईना. मी पुन्हा आरंभापासून म्हटली, पुन्हा तिथेच आलो, आणि झारा ठेवून बोटांवर कडवी मोजायला लागलो. मला वाटलं, झालं, लेकीनेच बघितलं, आता आपण नवव्या मजल्यावर. किती वेळ गेला कोण जाणे. कुणीतरी माझ्या मागून हात घालून गॅस बंद केला. लेक होती.

पातेल्यात जे होतं, ते बघून मला आई वह्यांना कव्हर घालायला करायची ती खळ आठवली. ती आम्ही जेवायला घेतली, कारण तिथला नियमच तसा, आपलं आपण खायचं. डॉक्टरांनी मोठ्या मनाने माझ्याकडचा एक चमचा घेतला, जबडा दोनदा डावी-उजवीकडे फिरवला, आणि म्हणाले (लेकीने सांगितलं), "कवळीचा साचा घ्यायला आम्ही असंच काहीतरी वापरतो." जावईबापू हसले. तिसऱ्या वाइननंतर ते कशालाही हसत होते. लेक हसली नाही. तिने खुर्ची माझ्या बाजूला ओढली.

"बाबा, मंगळवारी वाटाणे, बुधवारी पालक, गुरुवारी कोबी. बरोबर?"

"असंच काही नाही. कधी कधी बदल करतो."

"एकदाही केला नाहीत. आईचं वेळापत्रक आहे ते. तुम्ही मला दीड वर्ष आईचं वेळापत्रक वाचून दाखवताय."

मी काट्याने खळ सरळ करत राहिलो. मग विचारलं, "तुला कधी कळलं?"

"दुसऱ्या आठवड्यात."

"मग बोलली का नाहीस?"

"ऐकायला बरं वाटायचं," ती म्हणाली, आणि पाण्याचा पेला उचलून बराच वेळ त्याच्या आडच राहिली.

मग मी सगळं सांगितलं. दूध, बिस्किटं, माळ्यावरची पातेली, सगळं. वाइनचा हात होता की भीतीचा, सांगता येत नाही. सगळं ओकून झाल्यावर मी निकालाची वाट बघत बसलो. तिने हाताच्या बोटांवरचा वाळलेला मैदा खरवडून काढला, एकेक बोट, सावकाश, आणि म्हणाली, "ही परीक्षा नव्हती, बाबा. ह्याला वाइन चाखायची होती आणि तुम्हाला हॉटेलात एकटं ठेवायचं नव्हतं, म्हणून आलो." आणि मग, "तुम्ही जा तुमच्या घरी. डबा लावून देते दोन्ही वेळचा. फक्त सात वाजता फोन केला की खरं सांगायचं. जे खाल्लंत तेच."

तर अक्का, मी जिंकलो. सामान बांधायचं नाही, धावायचं यंत्र नाही. पुढच्या रविवारी मी माझ्या घरी असेन, माझ्या माणसाचे डबे, माझी खुर्ची, माझी खिडकी. ही आनंदाची बातमी तुला सगळ्यात आधी कळवावी म्हणून हा पत्रप्रपंच. गुडघ्याला शेक देत जा. सूनबाईंना आशीर्वाद, मुलांना पापे.

तुझ्या पाठीमागे लपून मोठा झालेला,
धाकटा

ता. क. जावईबापू काल संध्याकाळी खाली गेले नाहीत. माझ्यासमोरच खुर्ची टाकून बसले. मला विचारलं, मी नको म्हटलं. त्यानंतर मी एकदाही घेतली नाही. (आज फक्त सोबत म्हणून, अर्धा.)

ता. क. दुसरा. होडीवाल्याचं चौथं कडवं तुला येत असेल तर लिहून पाठव. नसेल येत तर नाही म्हणून कळव. तुलाही येत नसेल तर मला जरा बरं वाटेल.

ता. क. तिसरा, आणि हा कुणाला वाचून दाखवू नकोस. लेकीने घरी जा म्हटलं, त्या क्षणापासून मी उरलेले दिवस मोजतोय, आणि मी कधी मोजतो ते तुला ठाऊक आहे. दीड वर्ष मी ज्याचा हट्ट धरला, ते मिळाल्यावर मला कळलं की मला ते एकट्याला नको आहे. तू महिनाभर माझ्याकडे येऊन राहा. निमित्ताची काळजी करू नकोस, ते मी योजून ठेवलंय. तू तुझ्या मुलाला सांग की धाकट्याची तब्येत नाजूक आहे, त्याच्याजवळ कुणीतरी हवं. मी माझ्या लेकीला सांगतो की अक्काचा गुडघा गेलाय, तिला मी सांभाळतोय. दोघांचीही मुलं आपलं कौतुक करतील आणि कुणाचीच लाज जाणार नाही. महिना संपला की दुसरं निमित्त काढू. मात्र रविवारी माझ्या आधी पोच. कुलूप मला उघडता येतं, अक्का. आत गेल्यावर आतून कुणी "आलात का?" म्हणत नाही, ते मात्र अजून जमत नाही.