पान उलटण्याएवढा वेळ

प्रिय बाबा,

आधी घडलं ते, क्रमाने.

१. सोमवारी सकाळी सहाला मी वेळघरात वेळ सरळ ठेवणारी धून वाजवली. एकही स्वर चुकला नाही.
२. सहा वाजून एकोणीस मिनिटांनी धून संपली.
३. त्यानंतर पुन्हा सहा वाजून अठरा मिनिटं झाली.
४. समोरच्या न्हाव्याने एकाच गिऱ्हाइकाची एकच दाढी दोनदा केली.
५. नोंदवहीत मी ‘कारण अज्ञात’ असं लिहिलं. ते खोटं आहे.

न्हाव्याची तक्रार नाही. पहिल्या खेपेला हनुवटीला लागलं होतं, दुसऱ्या खेपेला वाचलं, तुमच्या खात्याचे उपकार, असं तो रस्त्यातून ओरडून सांगत होता. पण मंगळवारी उलटं झालं. सकाळची दोन मिनिटं आलीच नाहीत. आपल्याच जिन्यावर राहणाऱ्या शिक्षिकेचं बाळ कपाटाला धरून उभं होतं आणि एकदम तिच्या मांडीवर होतं. मधली चार पावलं, त्याची पहिलीच, कोणी पाहिली नाहीत. ती त्याला पुन्हा पुन्हा कपाटाशी उभं करत राहिली. तेच जास्त लागलं.

तुम्ही बावीस वर्षं ही धून रोज वाजवलीत. तेवढ्या काळात एक मिनिट इकडचं तिकडे झालं नाही, म्हणून लोकांना वाटत राहिलं की वेळ आपली आपणच सरळ चालते. मलाही वाटायचं. गेल्या वर्षी तपासनीस म्हणून मला त्याच खोलीत पाठवलं, तेव्हा बाप वाजवणार आणि लेक मोजणार याची साहेबांना फार गंमत वाटली होती. मी मात्र गंमत म्हणून काही केलं नाही, हे तुम्हाला माहीत आहे. गेल्या आठवड्यात अहवालात लिहिलं: दुसऱ्या पानाच्या अखेरीस सरासरी ०.४ सेकंद विलंब, स्वरलिपीत तिथे विराम नाही. तुम्ही तो वाचून चष्मा काढलात आणि म्हणालात, “तुझं घड्याळ बरोबर आहे, मोजपट्टी.” दुसऱ्या दिवशी किल्ल्या जमा करून आत्याकडे निघून गेलात. मला वाटलं, तुम्हाला चूक पटली. (आत्याला सांगा, तिची दोन्ही पत्रं मिळाली. माझ्याबद्दल तिने लिहिलेल्यातलं निम्मं मान्य आहे.)

सोमवारपासून तुमच्या जागी मी वाजवायला बसले. स्वरलिपी पडद्यावर चढवली, पानं आपोआप सरकतील अशी सोय केली. आणि मिनिटं हलायला लागली.

मंगळवारी दुपारी कपाटातून कागदाची प्रत काढली. दुसऱ्या पानाच्या शेवटी वाजवणाऱ्याचे दोन्ही हात गुंतलेले असतात. पान त्याला उलटताच येत नाही, दुसरं माणूस लागतं. त्या पानाचा खालचा कोपरा तपकिरी झालाय, धुऊन धुऊन विरलेल्या कापडासारखा मऊ. मग मला आई दिसली. पियानोच्या डाव्या बाजूला, ठेंगण्या स्टुलावर. सांधे धरल्यापासून तिच्या बोटांत कागद येत नसे. एकदा निसटायचा, दोनदा निसटायचा, आणि तुम्ही समोर बघत थांबायचात. धून तुम्हाला तोंडपाठ होती. पानाची गरज तुम्हाला कधीच नव्हती. हे तिला माहीत होतं की नाही, ते मला अजून ठरवता आलेलं नाही.

मी जुन्या नोंदी काढल्या. थंडीतल्या सकाळी विलंब ०.९, उन्हाळ्यात ०.२. कुठलेही दोन दिवस सारखे नाहीत. आई गेल्यानंतरच्या नोंदीही तशाच आहेत: स्टूल रिकामं, आणि तुम्ही कधी जास्त थांबलेले, कधी कमी. या सगळ्याची मी सरासरी काढली होती.

काल मी कागदावरून वाजवलं आणि त्या जागी नेमके ०.४ सेकंद थांबले. नऊ मिनिटं गायब झाली. मी आकडे मोजत होते, बाबा, कोणाची वाट पाहत नव्हते.

नोंदवहीतलं ‘अज्ञात’ आज खोडलं. तपासनीस म्हणून माझा अहवाल मागे घेतला, त्याची प्रत सोबत जोडली आहे. मुलगी म्हणून काय जोडायचं असतं ते मला नीट येत नाही. तुम्ही कधी शिकवलं नाहीत, आणि आई शिकवायची तेव्हा माझं लक्ष घड्याळाकडे असायचं.

पुढच्या गुरुवारी साहेब धून वाजवणारं यंत्र बसवणार आहेत. ते अजिबात थांबणार नाही. एकदा बसलं की माझ्या शब्दावर कोणी काढणार नाही. म्हणून लिहिते आहे: तुम्ही परत या. मी तुमच्या जागेवरून उठले आहे. तुम्ही वाजवा, मी स्टुलावर बसून पान उलटेन. दोन दिवस सराव केला, कागद हातातून निसटतो. पहिल्या सकाळी मला बराच वेळ लागेल. तेवढं थांबा.

मंगळवारपर्यंत उत्तर पाठवा.

तुमचीच,
मोजपट्टी