एकाचंच मावणारी बशी

सिस्टर, मी आज ॲस्परॅगस खाल्लं. तुमच्या पुस्तकातलं, तुम्ही फळ्यावर खडूने काढून दाखवलेलं आणि आम्ही चाळीस मुलींनी कधी न पाहता चवीसकट पाठ केलेलं. खरंखुरं, हिरवंगार, ओव्हनमध्ये भाजलेलं, वर दोन अंडी फोडून. आत्ता साडेआठ वाजलेत, बशी अजून टेबलावरच आहे. अक्षर वाकडं येतंय ते वयाने नाही, आनंदाने. हे आधीच सांगून ठेवते, कारण हल्ली माझ्या प्रत्येक वाकड्या रेघेची बातमी होते.

तुम्हाला माझं आत्ताचं काहीच माहीत नाही. मी माणिकपूरला राहते, तिसऱ्या मजल्यावर, एकटी. चौतीस वर्षं टेलिफोनच्या नोकरीत काढून निवृत्त झाले. मिस्टरांना जाऊन दोन वर्षं झाली. मुलगा आणि सून पलीकडे एव्हरशाईन सिटीत राहतात. सहा महिन्यांपूर्वी माझ्याकडून भाताचं पातेलं जळलं, धूर जिन्यात गेला, शेजारणीने मला हाक मारायच्या आधी माझ्या मुलाला फोन केला. तो आला तो फायर ब्रिगेडच्या थाटात. "आई, आजपासून गॅसला हात लावायचा नाही. डबा येईल. आणि पुन्हा असं काही झालं तर फ्लॅटला कुलूप, तू आमच्याकडे." मी म्हटलं, "अरे, क्रेडिट कार्डवाल्या बाईचा फोन आला, ती सोडेना, म्हणून झालं." त्याने मान हलवली, लहान मुलाच्या थापेला हलवावी तशी. ज्या बाईने आयुष्यभर घरची चूल सांभाळून नोकरी केली, तिला चहासाठी इलेक्ट्रिक किटली आणून दिली, सिस्टर! सहा महिने सुनेच्या हातची भाजी आणि गार पोळ्या डबेवाल्याच्या हाती रोज येत राहिल्या. सगळं बिनतक्रार खाल्लं. मी, बिनतक्रार! तुम्हाला तरी खरं वाटतं का?

काल स्टेशनजवळच्या नव्या दुकानात गेले होते, साधं दही आणायला. काचेच्या थंड कपाटात रबर लावलेली एक जुडी. टोकं मिटलेली, देठ सरळ, तुमच्या खडूच्या चित्रासारखी हुबेहूब. मी तिथेच मोठ्याने म्हणाले, "अय्या, हे तर ते!" दुकानातली माणसं वळून बघायला लागली. येताना नेहमीच्या भाजीवालीकडे मिरच्या घ्यायला थांबले. तिने माझ्या पिशवीत डोकावून विचारलं, "ह्या काड्या कसल्या गो बाय? आमची बकरी पन नाय खानार." मी म्हटलं, "तुझी बकरी कॉन्व्हेंटमध्ये गेली नव्हती." ती इतकी हसली की मूठभर कोथिंबीर फुकट टाकली.

तुम्हाला तो वर्ग आठवतो ना? नववी, गृहविज्ञानाचा तास. पुस्तक परदेशातून आलेलं, त्यात एका माणसाच्या रात्रीच्या जेवणाचा धडा, आणि तो धडा प्रात्यक्षिकाला लागलेला. मी उभी राहून विचारलं, "सिस्टर, तुम्ही हे खाल्लंय?" तुम्ही पापडीच्या, वाडीत वाढलेल्या, तुम्ही तरी कुठून खाणार? पण तुम्ही म्हणालात, "पुस्तकातले प्रश्न विचार. आणि तुमच्याकडे खाडीवर चमचा तरी असतो का, ते सांग." वर्ग हसला. तुम्हीही थोडंसं हसलात. मी खाली बसले, पण ते हसू माझ्याबरोबर घरी आलं. शब्दकोशात पाहिलं तर ॲस्परॅगस म्हणजे शतावरी! शतावरी तर आमच्या बावखलाच्या, म्हणजे वाडीतल्या तळ्याच्या, कुंपणावर हवी तेवढी. आईला विचारलं, तर ती सुपातले तांदूळ पाखडता पाखडता थांबली. "शतावरी? ती बाळंतिनीला देतात दुधातून. तुज्या शाळंत काय बाळंतिनी हायत?" मी ऐकलं नाही. कोवळे कोंब पावसाच्या तोंडाशी फुटतात आणि प्रात्यक्षिक होतं मार्चात, हे शेतकऱ्याच्या मुलीला कळायला हवं होतं. मी वेलाचे निबर शेंडेच कापून आणले.

शाळेत ओव्हन नव्हता. तुम्ही बशी फडक्यात बांधून मला बेकरीत पाठवायचात. पाव निघाल्यावर भट्टी मंद होते, तेव्हा गावातले सगळे आपापले ट्रे तिथे लावत, तसाच आपलाही लागायचा. प्रात्यक्षिकाच्या दिवशीची ती वाट मला आजही पायांनी आठवते आहे. मी बशी छातीशी धरून चालते आहे, अंड्याचा पिवळा बलक हलतो आहे, वास नाकात जातो आहे आणि मी स्वतःवर बेहद्द खूश आहे. वर्गात परीक्षक बाई बसल्या आहेत, मुंबईहून आलेल्या, मोत्यांच्या कुड्या घातलेल्या. त्यांनी पहिला घास घेतला आणि रुमाल तोंडाला लावला. रुमालावर रक्ताचा ठिपका होता. शतावरीच्या वेलाला काटे असतात.

तुम्ही मला व्हरांड्यात नेलंत. आवाज चढवला नाहीत. फक्त विचारलंत, "काटे दिसले होते तुला?" मी म्हणाले, "नाही, सिस्टर." तुम्ही मला शाळेच्या घंटेखाली दुपारभर उभी केलीत. न दिसलेल्या काट्यांसाठी शिक्षा! पन्नास वर्षं मी हा अन्याय मनात धरला आहे, लोकांना तिखटमीठ लावून सांगितला आहे. पण एक गोष्ट कोणाला सांगितली नाही. घंटेखालून वर्गाची खिडकी दिसायची. सगळे गेल्यावर तुम्ही रिकाम्या वर्गात एकट्या बसलात, ती बशी पुढे ओढलीत आणि उरलेलं सगळं खाल्लंत. अन्न टाकायचं नाही म्हणून असेल. एकेक काटा बोटाने काढून बशीच्या काठावर ओळीने मांडत होतात.

तीच बशी तुम्ही मला दिलीत. मी लग्नाची पत्रिका द्यायला आले होते, नोकरीवाला नवरा मिळाल्याच्या तोऱ्यात. तुम्ही कपाटातून वर्तमानपत्रात गुंडाळलेलं काहीतरी काढलंत. पांढरी, लांबट, निळ्या काठाची, धरायच्या दोन कानांपैकी एक फुटलेली बशी. मी म्हटलं, "सिस्टर, ह्यात एकाचंच मावतं." तुम्ही म्हणालात, "हो. लागेल." एवढंच. मी रागाने घरी आले. आई तर कपाळाला हात लावून बसली, "लगीन होनाऱ्या पोरीला एकटीचं भांडं देतात? मतीच फिरली तिची!" माळ्यावर टाकायची ती सासरी कशी आली कोण जाणे. मिस्टरांना आवडली. त्यांनी तीस वर्षं तिच्यात दाढीचा ब्रश ठेवला. ते गेले तरी ब्रश बशीत तसाच होता, केसांत साबण वाळलेला. आज दुपारी तो मी काढला, धुतला, त्यांच्या फोटोशेजारी पेल्यात उभा केला. बशी चिंचेने घासली, गरम पाण्याने तीनदा धुतली.

ओव्हन मी महिन्याभरापूर्वीच मागवला होता आणि पलंगाखाली लपवला होता. ह्या वयात, माझ्याच घरात, माझ्याच पैशांचा ओव्हन! काडी दोन हातांत धरून वाकवली की जिथे निबरपणा संपतो तिथे ती आपोआप तुटते. तुटल्याचा तो कट्कन आवाज! मी सगळी जुडी उगाच एकेक करून मोडली, नुसती त्या आवाजासाठी. लोणी, मीठ, मिरपूड. दहा मिनिटं भाजून मग वर दोन अंडी आणि किसलेलं चीज. डबेवाल्याला सकाळीच सांगितलं होतं, आज येऊ नकोस. शेगडीवर पाव शेकून घेतले आणि दाराची बेल वाजली. सून, हातात डबा.

"आई, जळतंय काहीतरी!"

"जळत नाही, भाजतंय. चपला बाहेर काढ."

ती आत आली आणि ओव्हन पाहून तिथेच थबकली. चीजचा एक थेंब ट्रेवर पडून धुमसत होता, नेमका तेव्हाच. "हे कधी आणलंत? तुमच्या मुलाला माहीत आहे?"

"तो माझा मुलगा आहे, हेडमास्तर नाही."

तिने फोन हातात घेतला. सिस्टर, मी मनात म्हटलं, संपलं. कुलूप लागलं फ्लॅटला. आणि तेवढ्यात ओव्हनची घंटा वाजली, टिंग! मी फडकं घेऊन बशी बाहेर काढली. पांढरं बसलेलं, पिवळं हलणारं, काड्यांची टोकं किंचित करपलेली. सुनेने फोन खाली ठेवला. "एकच बशी? आणि मी?"

"तुझ्या हातात डबा आहे की."

ती हसायलाच लागली. समोर बसली, डबा उघडला आणि स्वतःच्या हातची दुधीची भाजी खाऊ लागली. दोन घासांनी थांबली. "आई, ही अळणी आहे."

"रोजच असते."

"सहा महिने बोलला का नाहीत?"

"तुम्ही दोघं उठता बसता माझं बीपी काढता. मला वाटलं, मुद्दाम."

"नाही हो! सकाळच्या घाईत मी चवच बघत नाही." तिचा चेहरा इतका पडला की मला राहवलं नाही. मी सांगून टाकलं. कुठल्या बाईचा फोन वगैरे आला नव्हता. त्या दिवशी तांदूळ घेतले ते सवयीने दोघांचे. मग अर्धे काढले. मग परत घातले. मग खिडकीशी जाऊन बसले. पाणी आटल्यावर तळ तडतडतो ना, तो आवाज मला ऐकू आला होता. मी उठले नाही.

तिने डबा बाजूला सारला. न विचारता माझ्या बशीतली एक काडी उचलली, बलकात बुडवली, खाल्ली. "मटारच्या कोवळ्या सालीसारखं लागतं," म्हणाली. अगदी तसंच लागतं, सिस्टर! पुस्तकात लिहिलेली चव साफ खोटी होती. निघताना तिने डबा पिशवीत घातला. "उद्यापासून आणत नाही. मी सांगते त्याला."

"काय सांगशील?"

"आईंच्या ओव्हनला घंटा आहे, म्हणून."

"आणि पातेल्याचं?"

"ते आपल्या दोघींत." आणि जिन्यातून वर बघून ओरडली, "पण रविवारी जेवायला यायचं हां! मीठ घेऊन या!"

तुम्ही पापडीच्या चर्चमागच्या दफनभूमीत आहात, मला जागाही ठाऊक आहे, पण कागद घेऊन तिथे उभी राहणारी बाई मी नव्हे. हे पत्र ओव्हनच्या वॉरंटी कार्डाच्या पाकिटात जाईल. फक्त ठेवण्याआधी एक राहिलंय. एकीला खरं सांगून झालं, आता तुम्हाला. तुम्ही व्हरांड्यात विचारलं होतंत आणि मला वाटतं, ते एकेक करून काठावर मांडताना तुम्हाला कळलंही होतं. दिसले होते, सिस्टर. सगळे दिसले होते.