नमुना क्रमांक सतरा

मी, खाली सही करणारी, कुमारी ओवी दगडू कांदळगावकर, वय वर्षे सव्वीस, राहणार पेडणेकर चाळ, दुसरा मजला, खोली क्रमांक एकोणतीस, लालबाग, मुंबई, व्यवसाय संग्रहालयातील खनिज-नमुन्यांची नोंदणी, हे मृत्युपत्र स्वतःच्या हस्ताक्षरात आणि कोणाच्याही दबावाशिवाय लिहीत आहे. माझे मन स्थिर आहे. माझी स्मरणशक्ती शाबूत आहे. या शेवटच्या विधानाचा पुरावा कलम सातमध्ये दिला आहे.

येत्या गुरुवारी परळच्या एका रुग्णालयात माझ्या हृदयाची एक झडप बदलली जाईल. धोका शंभरात दोन, असे डॉक्टर म्हणाल्या, आणि "काही नाही ग," असेही म्हणाल्या. शंभरात दोनला काही नाही म्हणण्याची मला सवय नाही. माझ्या आयुष्यात पन्नासात एकाने बरेच काही झाले आहे.

तळमजल्यावरचे हेरंबकाका न्यायालयात कारकून होते. त्यांनी मला वाचायला दिलेल्या जुन्या मृत्युपत्रात आधी स्थावर, मग जंगम अशी मांडणी होती. माझ्याकडे स्थावर काही नाही. म्हणून मी माझ्या वस्तू सिलिकेट आणि बिगर-सिलिकेट अशा लावल्या. काका म्हणाले, "पोरी, कोर्टात असलं काही चालत नाही." मी विचारले, "काका, मांडणी कशी असावी हे कायद्यात कुठे लिहिलंय?" त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला आणि म्हणाले, "नाही खरं."

कलम १. हे वाचणाऱ्यांपैकी बहुतेकांनी नववीनंतर दगडाकडे पाहिलेले नसेल, म्हणून थोडक्यात लिहिते. मध्ये सिलिकॉनचा एक अणू आणि त्याच्याभोवती ऑक्सिजनचे चार, असे पाचजणांचे बिऱ्हाड ज्या खनिजात असते ते सिलिकेट. पृथ्वीच्या कवचाचा नव्वद टक्क्यांहून अधिक भाग याच बिऱ्हाडांनी व्यापला आहे. आमचे शास्त्राचे शिक्षक देवधर सर हे शाळेच्या गच्चीवर मुलांना उभे करून शिकवत. मी लहानखुरी, म्हणून मधला सिलिकॉन नेहमी मी. माझ्याच चाळीतली मेघना माझ्या उजव्या हाताचा ऑक्सिजन. बिऱ्हाडे सुटी राहिली तर गार्नेट होते. शेजाऱ्याशी ऑक्सिजन वाटून घेत ओळ धरली की साखळी होते, ओळी पसरून थर झाला की अभ्रक, आणि चारही बाजूंनी हात धरले की गारगोटी. "कोण कोणाचा हात कसा धरतो, यावर दगडाचा स्वभाव ठरतो," सर म्हणायचे, "माणसांचं मला माहीत नाही."

ज्यांत हे बिऱ्हाडच नाही ती सगळी बिगर-सिलिकेट. त्यांची नावे जोडीदारावरून पडतात: ऑक्साइड, सल्फाइड, सल्फेट, कार्बोनेट, हॅलाइड. ज्याला जोडीदारच नसतो ते नुसते मूलद्रव्य, उदाहरणार्थ सोने.

कलम २. सिलिकेट. गार्नेटचे कानातले माझी चुलतबहीण आरोही हिला द्यावेत. तिने ते दोनदा न विचारता नेले आहेत. तिसऱ्यांदा विचारण्याची वेळ येऊ नये. मुंबईच्याच काळ्या दगडाच्या पोकळीत सापडलेला झिओलाइटचा पांढरा गुच्छ माझा भाऊ अनिश दार अडवायला वापरतो. तो त्यालाच द्यावा. त्या वापराला माझी हरकत होती. ती मी मागे घेते. या मृत्युपत्राचा व्यवस्थापकही अनिशच राहील.

कलम ३. बिगर-सिलिकेट. सोन्याची साखळी आईला. ती मुळात तिचीच होती. तुरटीचा मोठा खडा, म्हणजे सल्फेट, बाबांना. दाढीनंतर तो फिरवायला त्यांनी विसरू नये. गेरूचा डबा, म्हणजे ऑक्साइड, अनिशला, आणि त्याबरोबर दिवाळीआधी गॅलरीतल्या कुंड्या रंगवण्याचे कामही. कुंडीला मागची बाजूही असते.

कलम ४. बँकेतील शिल्लक हे खनिज नाही. ती आईबाबांना समान. मोबाइलमध्ये इतकी खनिजे एकत्र नांदतात की वर्गीकरण सोडून दिले. तोही अनिशला, आतले न वाचता पुसून.

कलम ५. अकरावीत हजेरी घेताना माझे पूर्ण नाव ऐकून सौमित्र नावाचा मुलगा म्हणाला होता, "दगडूची पोरगी दगडच गोळा करणार!" वर्ग हसला. बाबांच्या आधीची दोन भावंडे पाळण्यातच गेली, म्हणून तिसऱ्याचे नाव आजीने मुद्दाम दगडू ठेवले, टिकावा म्हणून. हे मला तेव्हा उभे राहून सांगता आले नाही. इथे नोंदवते. बाबा टिकले आहेत.

कलम ६. चोवीस नमुन्यांचे काचेचे कपाट. हे परळमधील आमच्या मराठी शाळेचे. मुले कमी होत होत चार वर्षांपूर्वी शाळा बंद झाली, तेव्हा ते भंगारात निघाले होते. देवधर सरांनी मला फोन केला, आणि अनिशने व मी ते हातगाडीवरून घरी आणले. जिन्यातून चढवताना पहिल्या मजल्यावरच्या नलूमावशींनी दारात उभे राहून विचारले, "अगो, माणसांना जागा नाही नि दगडांना कपाट?" प्रश्न रास्त होता.

प्रत्येक नमुन्यापुढे सरांच्या हातची चिठ्ठी आहे. नमुना क्रमांक सतराची चिठ्ठी चुकीची आहे. तिच्यावर 'गारगोटी. सिलिकेट.' असे लिहिले आहे. तो कॅल्साइट आहे. म्हणजे कार्बोनेट, म्हणजे बिगर-सिलिकेट. कामावर मी दर आठवड्याला कोणाची तरी चुकीची चिठ्ठी बदलते आणि खाली तारीख घालते. ही एक चिठ्ठी मी कधी बदलली नाही.

कलम ७. नववीच्या वार्षिक परीक्षेआधी कपाट पुसण्याचे काम मेघनाला आणि मला दिले होते. मधली सुट्टी होती, आणि मेघनाच्या हातात पोह्यांवरची लिंबाची फोड होती. तिचा थेंब सतरा नंबरवर पडला आणि बुडबुडे आले.

"अगो ओवी, ह्यो धोंडो फसफसता बघ!"

गारगोटीला लिंबाने काही होत नाही. आम्ही कंपासच्या टोकाने ओरखडा काढून पाहिला, तो उमटला. गारगोटीवर तो उमटला नसता. मेघना म्हणाली, "चल, सरांना सांगू." मी म्हटले, "नको, त्यांना वाईट वाटेल." खरे कारण वेगळे होते. मला शिक्षकांच्या खोलीचे दार वाजवण्याची भीती वाटत होती.

परीक्षेत चिठ्ठ्या झाकून नमुने मांडले होते, आणि त्यांत सतरा होता. मेघनाने कॅल्साइट लिहिले. मी सरांच्या चिठ्ठीवर होते तेच लिहिले. मला पन्नासपैकी पन्नास मिळाले, तिला एकोणपन्नास. पेपर हातात पडताच ती उभी राहिली.

"सर, ती गारगोटी नाहीच. लिंबू टाकलं की फसफसते. ओवीला विचारा, ती होती तिथे."

सर माझ्याकडे वळले. "काय ग ओवी?"

मी उभी राहिले आणि म्हणाले, "मला आठवत नाही, सर."

सर म्हणाले, "मेघना, लिंबू पोह्यांवरच बरं." वर्ग हसला. मेघना हसणाऱ्यांकडे पाहत नव्हती, माझ्याकडे पाहत होती.

शास्त्रात पहिल्या आलेल्या एकाच विद्यार्थ्याला उन्हाळी विज्ञान शिबिराला पाठवायचे होते. मी गेले. तिथून भूशास्त्र, आणि तिथून आजची नोकरी. मेघनाने दहावीनंतर शास्त्र घेतले नाही. ती वडिलांच्या, म्हणजे राजेशकाकांच्या, गणपतीच्या कारखान्यात काम करू लागली. एकामुळे दुसरे झाले असे मी म्हणत नाही, तसा पुरावा माझ्याकडे नाही. क्रम तेवढा नोंदवते. तेव्हापासून आज बारा वर्षे ती जिन्यात भेटली की "काय, बरी?" एवढेच विचारते, आणि मी "हो" म्हणते.

मला आठवत होते.

कलम ८. सदर कपाट माझ्या पश्चात मेघना राजेश मेस्त्री हिला द्यावे, आणि कलम सहा व सात देवधर सरांना वाचून दाखवावीत.

(कलम आठ मी एका रेषेने खोडले आहे, खालचे वाचता येईल असे. कारण पुढे.)

कलम ९. जिला काही द्यायचे तिची तयारी आधी विचारावी, असे हेरंबकाका म्हणाले. म्हणून काल, शनिवारी, मी हे कागद घेऊन कारखान्यात गेले. तिथे डावीकडे शाडूच्या मूर्ती होत्या आणि उजवीकडे प्लास्टरच्या. म्हणजे डावीकडे सिलिकेट, उजवीकडे सल्फेट. हे मी मोठ्याने बोलले नाही. मेघना शाडू मळत होती. तिने कोपरापर्यंत हात धुतले आणि उभ्यानेच सगळे वाचले. कलम सात तिने दोनदा वाचले.

"आठवत होतं?"

"हो."

"बारा वर्षं?"

"हो."

"आणि हे मला कधी कळणार होतं? तू मेल्यावर?"

मी म्हटले, मृत्युपत्र वाचण्याची रीत तशीच आहे.

"वा गो! मग मी भांडू कोणाशी? तुझ्या फोटोशी? हार घालू की शिव्या देऊ?"

आतून राजेशकाकांनी विचारले, "काय झाला गो?"

"काय नाय, बाबा. दगड."

मग ती हळू आवाजात म्हणाली, "कपाट माका नको. इथे गणपतीला जागा पुरत नाही. साक्षीदार हवा असेल तर मी सही करते. पण आधी सरांकडे चल आणि तोंडाने सांग. लिंबू मी आणते."

आज आम्ही सतरा नंबर आणि त्याची चिठ्ठी घेऊन दादरला सरांच्या घरी आलो. सर आता एकोणसत्तर वर्षांचे आहेत आणि त्यांना फारसे दिसत नाही. मला जे सांगायचे होते ते वाक्य चार शब्दांचे होते. ते मला दोनदा सुरू करावे लागले. "सर, मला आठवत होतं." त्यानंतरचे सगळे सोपे होते, कारण ते फक्त दगडाविषयी होते.

 सरांनी हात पुढे केला. मेघनाने सतरा नंबर त्यांच्या तळहातावर ठेवला आणि वर लिंबू पिळले. त्यांनी तो डोळ्यांजवळ नेला, मग कानाशी धरला.

"फसफसतंय," ते म्हणाले. बराच वेळ त्यांनी तो कानापासून खाली घेतला नाही. "मेघना, हे मी त्याच दिवशी करून बघायला हवं होतं. वर्गात लिंबू आणायला दोन मिनिटं लागली असती. चुकलो मी."

मेघना म्हणाली, "असू दे, सर."

सरांनी पेन मागितले. जुन्या चिठ्ठीवर रेघ मारून त्यांनी चाचपडत लिहिले: 'कॅल्साइट. कार्बोनेट.' खाली लिहिले: 'मेघना ५०. ओवी ४९.' आणि आजची तारीख घातली. मग माझ्याकडे तोंड करून म्हणाले, "चुकीच्या उत्तराचा एक गुण मी कापला. 'आठवत नाही' याचे किती कापायचे ते तिला विचार. तो पेपर माझ्याकडे नाही."

मी मेघनाकडे पाहिले. ती दगड पुसून रुमालात गुंडाळत होती.

"ते तू हॉस्पिटलातून घरी आल्यावर बघू," ती म्हणाली. "तोवर सतरा नंबर माझ्याकडे. न्यायला तू स्वतः यायचंस. अनिशला पाठवलंस तर देणार नाही, सांगून ठेवते."

यास्तव मी असे ठरवते की कपाट, उरलेल्या तेवीस नमुन्यांसह, देवधर सर सांगतील त्या मराठी शाळेला द्यावे. साक्षीदाराला मृत्युपत्रातून काही मिळू नये, असे हेरंबकाका म्हणतात. मेघनाला यातून काही मिळत नाही. नमुना क्रमांक सतरा या मृत्युपत्रात मोडत नाही. तो दिलेला नसून ठेवायला दिलेला आहे. तो परत आणण्याचा अधिकार फक्त माझा आहे, आणि तो अधिकार वारसाने कोणाकडेही जाणार नाही.

येथवरचे सर्व मी शुद्धीवर आणि आठवणीने लिहिले असून, खालील दोघांच्या देखत सही केली आहे, आणि त्यांनी माझ्या देखत.

(सही) ओवी दगडू कांदळगावकर

साक्षीदार
१. (सही) मेघना राजेश मेस्त्री, मूर्तिकार, पेडणेकर चाळ, लालबाग
२. (सही) चिंतामणी गोपाळ देवधर, निवृत्त शिक्षक, दादर

स्थळ: दादर, मुंबई
दिनांक: रविवार, ८ जून २०२५